वाकून बघू नका

माझी बायको मथुरा गेल्याचं मला कळलं तेव्हा मी एका माणसाच्या पायाशी उकिडवा बसलो होतो. साखर कारखान्याच्या चौदा वॉचमनांचे खाकी ड्रेस माझ्याकडं शिवायला आले होते आणि त्यांतला एक जण पँट घालून बघायला दुकानात आला होता. मी टाचण्या ओठांत धरून त्याच्या पँटची लांबी बघत होतो. तो सारखा खाली वाकून बघत होता आणि आखूड झाली, आखूड झाली म्हणत होता. मी सगळ्यांना सांगतो तेच त्याला सांगितलं. ताठ उभं राहा, समोर बघा, वाकून बघू नका, वरून बघितलं की आखूड दिसतं. एवढ्यात दारात आबाराव येऊन उभा राहिला. आबाराव आमच्या गावच्या सोसायटीचा सेक्रेटरी. माझं दुकान सोसायटीच्याच पुढच्या खोलीत, त्यामुळं तो दिवसातून चारदा येई, पण आल्यावर काहीतरी बोलत येई. त्या दिवशी तो नुसता उभा राहिला. मग म्हणाला, "पिराजी मास्तर, तोंडातल्या टाचण्या काढा आधी." मी काढल्या. तळहातावर मोजल्या, सहा होत्या. मग त्यानं सांगितलं. नसबंदीच्या शिबिरात सोमवारी मथुराचं ऑपरेशन झालं होतं, गुरुवारी ताप चढला होता आणि आज शनिवार होता. वॉचमन पँट तशीच अंगावर ठेवून उभा राहिला. ती काढावी की नको हे त्याला समजेना.

माणूस गेल्याचं कळल्यावर पहिल्यांदा मनात काय येतं ते कुणी कुणाला सांगत नाही. मी आज लिहितो आहे. मला मथुराचा चेहरा आठवला नाही. रडू आलं नाही. मला भीती वाटली. आता सगळे विचारणार, तुम्ही का नाही गेलात? ऑपरेशन तुमचं ठरलं होतं, नाव तुमचं होतं, मग ती कशी गेली? मी टाचण्या डबीत टाकल्या, डबीचं झाकण लावलं आणि उत्तर जुळवायला लागलो. पायमशीन चालवावं लागतं, पुरुषाचं ऑपरेशन झालं की महिनाभर पायडल मारता येत नाही, कारखान्याचं काम अंगावर होतं. हे उत्तर मी मथुराला दिलं होतं तेच होतं. तिनं ते मानलं होतं. गावानंही मानलं. कुणी काही विचारलं नाही. बायका आल्या, रडल्या, लेकरांना पोटाशी घेतलं. फक्त एकानं विचारलं, तेही दोन महिन्यांनी. माझा उत्तरेश्वर तेव्हा तेरा वर्षांचा होता. जेवता जेवता म्हणाला, "दादा, धुळाप्पाकाका तर ऑपरेशनच्या तिसऱ्या दिवशी सायकलवर बसून गेले की. सायकललाबी पायडल असतंय." मी म्हणालो, जेव गुमान. तो जेवला. पुन्हा त्यानं तो विषय काढला नाही आणि पुन्हा मी त्याच्याकडं सरळ बघितलं नाही. त्याला दहा वर्षं झाली.

आता तो तेवीस वर्षांचा आहे. कारखान्यात फिटर आहे, हाताचा चांगला आहे. कळंबकडची मुलगी बघून लग्न ठरलं आहे. शिंप्याच्या पोराचा लग्नाचा कोट दुसऱ्यानं शिवायचा नाही, म्हणून मी कापड आणलं आणि गेल्या रविवारी टेप गळ्यात अडकवून त्याला म्हणालो, ये, उभा राहा. छाती घेऊ दिली, बाही घेऊ दिली, कंबरही दिली. आसन, म्हणजे कंबरेपासून जांघेपर्यंतचं माप, घ्यायला मी टेप खाली नेला तसा तो एक पाऊल मागं सरला. "पँटचं माप जुन्या पँटवरनं घ्या," म्हणाला. मी म्हणालो, जुनी पँट ढगळ आहे तुझी. "ढगळच पायजे," म्हणाला आणि चहा न घेता कामावर गेला. मी टेप हातात धरून तसाच उभा राहिलो. तीस वर्षं माणसांची मापं घेतो आहे. आसन सैल ठेवा म्हणणारा माणूस मला दारातून आत येतानाच ओळखू येतो, कारण मी स्वतः तसाच आहे. त्याची जुनी पँट मापाला घेतली तर खिशात एक छोटी बाटली लागली, भोवती कागद गुंडाळलेला. कागदावर एका पैलवानाचं चित्र होतं आणि खाली छापलं होतं की ज्यांचं लहान आहे, बारीक आहे, वाकडं आहे, त्यांनी लग्नाआधी भेटावं, नाहीतर बायको टिकणार नाही. भूमच्या बाजारातल्या तंबूचा पत्ता होता. मी बाटलीचं बूच काढलं. तेल होतं. त्याचा वास आला आणि मी बूच परत घट्ट लावलं, कारण तो वास मला माहीत होता.

बहात्तरच्या दुष्काळात कुणी कापड शिवत नव्हतं. खायलाच नव्हतं तर कापड कोण शिवणार? मशीन पोत्याखाली झाकून मी आणि मथुरा पाझर तलावाच्या कामावर गेलो. ती माती वाहायची, मी खडी फोडायचो. माझे हात सुईचे, पहिल्या दिवशीच फुटले. तिथं प्यायला टँकर यायचा आणि आठ दिवसांतून एकदा जास्तीचं पाणी मिळायचं, तीन माणसांत एक बादली. दगडाच्या ढिगाआड गडी अंघोळ करायचे. लंगोट ओला करून चालत नव्हतं, दुसरा नव्हता, म्हणून सगळे उघडेच बसायचे. मी लहानपणापासून एकटा अंघोळ करणारा माणूस. माझ्या बादलीत आमच्याच गावचा धुळाप्पा होता, वडाराच्या जोडीनं सुरुंग लावायचा, उंचापुरा, आवाजानं मोठा. पौष महिना होता, वारं सुटलं होतं. मी वर बघत अंग ओलं केलं. धुळाप्पानं माझ्याकडं बघितलं आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "मास्तर, शिंप्याच्या घरात कापड कमी पडलं व्हय?" सगळे हसले. मीही हसलो. हसल्याशिवाय चालत नाही. धुळाप्पानं पुढच्या क्षणी माझ्या पाठीवर पाणी ओतलं आणि पाठ चोळून दिली, त्याच्या मनात काही राहिलं नाही. पण मी हसता हसता त्याच्याकडं बघितलं होतं आणि मग मान खाली घालून स्वतःकडं. तिथून पुढं मी रोज मान खाली घालून बघायला लागलो. मला तेव्हा दोन लेकरं होती. लग्नाला अकरा वर्षं झाली होती. मथुरानं कधी एका शब्दानं काही म्हटलं नव्हतं. तरी माझ्या डोक्यात बसलं ते बसलं. मथुरा काही म्हणत नाही याचाच मला आता अर्थ लागायला लागला. तिला माहीत असणार. ती सोसत असणार. बायका आपसांत बोलतात, तलावावर माती वाहताना हसतात, त्या कशाला हसत असतील? टोपलं डोक्यावर घेऊन ती समोरून यायची आणि माझ्याकडं बघून जरा हसायची. मी खडीकडं बघायचो.

कामाचा पहिला पैसा आला तसा मी भूमच्या बाजारातून तसल्याच तेलाची बाटली आणली. घोंगडीखाली लपवली. चार दिवस तेल लावलं आणि पाचव्या दिवशी कातडी सोलवटली. चालता येईना. मुकादमाला सांगितलं जांघेत गळू झालंय. मथुरालाही तेच सांगितलं. ती म्हणाली, "बघू द्या की मला." मी अंगावर ओरडलो. मग तिनं मिळालेल्या सुकडीतली मूठभर बाजूला काढली, हळद घालून पोटीस केलं आणि झाकणात घालून दाराच्या आत ठेवलं. दार ओढून घेतलं आणि बाहेर जाऊन बसली. खायची सुकडी होती ती. त्या दिवशी ती किती जेवली हे मी बघितलं नाही. जखम बरी झाली, पण त्यानंतर मी तिच्या जवळ जायचं कमी केलं आणि मग बंदच केलं. दुष्काळ संपला, मशीन पुन्हा चालू झालं, कारखान्याची कामं मिळायला लागली, तरी ते तसंच राहिलं. जवळ जायचं म्हटलं की मनात पहिल्यांदा धुळाप्पाचा आवाज यायचा. मग काही व्हायचं नाही. मग मला आणखी भीती वाटायची. एकदा मशीनसमोर बसून ती मला सुईत दोरा ओवून देत होती, माझी नजर कमी व्हायला लागली होती. दोरा तोंडात धरून तिनं विचारलं, "माझ्याकडनं काही चुकलंय का?" मी म्हणालो, दोरा ओला जास्त करू नको.

शहात्तर साली डिसेंबरात यादी आली. प्रत्येक संस्थेनं माणसं द्यायची होती. आबाराव तसा वाईट माणूस नव्हता, त्याच्यावर वरून दाब होता. दुकानात येऊन म्हणाला, "मास्तर, दोन लेकरं झाली. खोली सोसायटीची हाय. तुमचं नाव म्या लिवलंय, आता न्हाय म्हणू नका." मी हो म्हणालो. ऑपरेशनची भीती मला नव्हती, हे खरं सांगतो. सुईनं बोट शंभरदा टोचलेला माणूस मी. शेजारच्या तालुक्यात एका शाळेत शिबिर होतं. आमच्या गावची अकरा माणसं ट्रॅक्टरमधून गेली. शाळेच्या व्हरांड्यात आम्हांला ओळीनं बसवलं, अंगावर एकेक पांढरा पंचा. एका वर्गाला चादरीचा पडदा लावला होता. आत आधी केस काढायचे, मग डॉक्टरकडं जायचं. केस काढायला न्हावी लावला होता आणि तो न्हावी आमच्याच गावचा, हणमंतप्पा. दर आठ दिवसांनी ज्याच्यासमोर मी दाढीला बसतो तो. गावात दोनशे घरं आणि त्या दोनशे घरांतल्या बातम्या हणमंतप्पाच्या धोकटीत. माझ्या पुढं धुळाप्पा होता. तो पडद्याआड गेला. मी उठून पडद्याजवळ उभा राहिलो, पुढचा नंबर माझा. आत वस्तरा पाण्यात बुडवल्याचा आवाज आला. मग धुळाप्पा हळू आवाजात काहीतरी बोलला आणि हणमंतप्पा मोठ्यानं हसला. तो अजून हसतच होता, मी पंचा गुंडाळून, कपडे काखेत मारून व्हरांड्यातून मागं गेलो, शाळेच्या मागच्या कुंपणातून बाहेर पडलो, एरंडाच्या झाडांमागं कपडे घातले आणि नऊ मैल चालत घरी आलो. माझ्या मनात एकच होतं. ते दोघं माझंच बोलत होते. आता आत जाणारा कोण हे दोघांना माहीत होतं.

घरी येऊन मी पायडलचं सांगितलं. म्हणालो, तिथं कळलं की महिनाभर पाय चालवता येत नाही, चौदा ड्रेस कधी द्यायचे? मथुरा तांदूळ निवडत होती. म्हणाली, "मग आबारावाला काय सांगायचं?" मी ड्रेसचं कापड मोजायला घेतलं. ती म्हणाली, "बायकांचंबी करत्यात तिथंच. माझं काय, आठ दिवस बसायचं." मी कापडच मोजत राहिलो. एक शब्द बोलायला हवा होता, तो तोंडाशी होता की नव्हता हे आता मला सांगता येत नाही. सोमवारी पहाटे तिला एसटीत बसवलं. बरोबर गावच्या दोन बायका होत्या. खिडकीतून तिनं मला जवळ बोलावलं. मला वाटलं लेकरांच्या जेवणाचं सांगते. ती हळूच म्हणाली, "आता पोट ऱ्हायची भीती न्हाय ऱ्हाणार. मग तरी तोंड फिरवून झोपू नका." गाडी सुटली. म्हणजे चार वर्षं तिला वाटत होतं की मला तिसऱ्या लेकराची भीती आहे. तिनं स्वतःच स्वतःला एक कारण देऊन ठेवलं होतं आणि ते कारण काढून टाकायला ती गेली. मी स्टँडवर उभा राहिलो आणि मला आनंद झाला नाही, वाईटही वाटलं नाही. भीती वाटली, की ही परत आल्यावर आता माझ्याकडं कारण उरणार नाही.

ती बाटली उत्तरेश्वरच्या खिशात सापडली तेव्हा हे सगळं एकदम वर आलं. दोन दिवस मशीन चालवलं पण सरळ टीप पडेना. तिसऱ्या दिवशी एसटीनं कळंबला गेलो. तिथं एक म्हातारे डॉक्टर आहेत, हैदराबादला शिकलेले. गर्दी ओसरेपर्यंत बाहेर बसलो. आत गेल्यावर म्हणालो, एका ओळखीच्या माणसाचं विचारायचं होतं. बाटली टेबलावर ठेवली. त्यांनी वास घेतला आणि केराच्या डब्यात टाकायला उचलली, मी म्हणालो, टाकू नका, मला परत पाहिजे. त्यांनी चष्म्यातून बघितलं. "ओळखीचा माणूस किती वर्षांचा?" मी म्हणालो, तेवीस. "आणि तुम्ही?" मी म्हणालो, अठ्ठेचाळीस. "मग दोघांचंही सांगतो," म्हणाले. मी आयुष्यात तो शब्द कधी उच्चारला नाही, डॉक्टरांनी सरळ लिंग म्हटलं, जसं आम्ही बाही म्हणतो. म्हणाले, "धंदा काय तुमचा?" मी म्हणालो, शिंपी. "मग इंचातच सांगतो. ढिलं असताना कुणाचं दोन इंच, कुणाचं चार. थंडीत, भीतीत अजून कमी. त्यावरनं काहीच कळत नाही. ताठ झाल्यावर बहुतेकांचं पाचाच्या आसपास येतं, अर्धा-एक इंच इकडंतिकडं. ढिलं असताना लहान दिसतं ते जास्त वाढतं, मोठं दिसतं ते कमी वाढतं, म्हणून शेवटी सगळे जवळजवळ येतात. अगदीच लहान म्हणावं असा माणूस हजारांत एखादा सापडला तर सापडला, आणि तो आजार लहानपणीच दिसतो. उंचीवरनं, पंजावरनं काही ठरत नाही. लेकरं होणं त्यावर नाही. बाईचं सुखही त्यावर नाही. ते तुम्ही तिच्याशी कसं वागता त्यावर आहे. आणि तेलानं कातडी जळते, दुसरं काही होत नाही." मी विचारलं, मग एवढ्या लोकांना वाटतं ते? ते म्हणाले, "दुसऱ्याचं माणूस समोरनं बघतो. स्वतःचं वरनं बघतो. वरनं बघितलं की आखूड दिसतं." हे वाक्य मी तीस वर्षं रोज बोलतो आहे. गिऱ्हाइकाच्या पायाशी बसून, टाचण्या तोंडात धरून. मथुरा गेली त्या दिवशीही बोलत होतो. मग डॉक्टर म्हणाले, "आलाच आहात तर बघून टाकतो. पडदा ओढा." मी पडदा ओढला. त्यांनी बघितलं, हातानं तपासलं आणि हात धुवायला वळले. "काही नाही. जसं असायला पाहिजे तसं आहे." सगळं मिळून अर्धं मिनिट लागलं. शाळेतसुद्धा एवढंच लागलं असतं.

मी परत आलो ते घरी न जाता स्टँडजवळ हणमंतप्पाच्या दुकानात जाऊन बसलो. आता त्याचा हात जरा थरथरतो पण गाव त्याच्याकडंच बसतं. त्यानं साबण लावला, वस्तरा परजला. गळ्यावर वस्तरा असताना माणसाला मान खाली घालता येत नाही, म्हणून मला विचारता आलं. मी म्हणालो, हणमंतप्पा, शिबिरात तू धुळाप्पाचे केस काढताना हसला होतास. कशाला हसलास? तो थांबला. "कवाची गोष्ट काढता, मास्तर? धाईक वर्सं झाली की." मग त्याला आठवलं. धुळाप्पा दोन वर्षांमागं वारला, म्हणून त्यानं आधी वस्तऱ्याचा हात कपाळाला लावला. "हासू न्हाय तर काय करू? एवढा सुरुंग लावणारा गडी, आन् निसता लटालटा कापत हुता. मला म्हणतो, हणमंता, तू समद्यांचं बघितलंस, खरं सांग, माझं बरं हाय न्हवं? दुष्काळात त्या पिराजी मास्तराला म्या बोललो, पर माझीच मला शंका हाय. म्या म्हणलं, अरं बाबा, या पंधरा दिसांत म्या दोनशे मानसं केली. पानी ह्ये असं गार, फुडं डॉक्टरची सुरी. समद्यांची गोगलगायीवानी आत गेल्याली. कुणाचं काय मोठं दिसणार? आन् एरवी म्हणशील तर नाकं असत्यात तसं हाय. कुणाचं लांब, कुणाचं बसकं, कुणाचं डावीकडं. सर्दी समद्यांना सारखीच हुती." तो पुन्हा हसला, तेच हसू, दहा वर्षांमागं पडद्याआडून ऐकलेलं. मी विचारलं, मग गावात कुणाला सांगितलंस का, कुणाचं कसं ते? तो रागावला. "रोज उठून तुमची नाकं बघतो, ती सांगत फिरतो व्हय मी?" त्यानं माझी दाढी पुरी केली, तुरटी फिरवली. मग आरशात माझ्याकडं बघत म्हणाला, "त्या दिशी धुळाप्पाचं झालं आन् म्या पडदा सारला, तर फुडं तुमचा नंबर हुता. तुमी न्हवता. म्हणलं, मुतायला गेले असतील. जरा वेळ थांबलो म्या तुमच्यासाटी."

जरा वेळ थांबलो म्हणाला. म्हणजे मी एरंडाच्या झाडांमागं पँटची बटणं लावत होतो तेव्हा तो वस्तरा धुऊन माझी वाट बघत होता. तिथून शाळा शंभर पावलं असेल. मी तेवढी शंभर पावलं परत गेलो असतो तर मथुरा आज पंचेचाळीस वर्षांची असती आणि लेकाच्या लग्नाचे पापड लाटत असती. हा हिशोब मी रोज करतो आणि प्रत्येक वेळी त्या कुंपणापाशी येऊन अडतो. आधी मला वाटायचं, काहीतरी खरोखर कमी होतं आणि त्याची लाज वाटून मी पळालो. त्यात निदान कारण तरी होतं. आता कारणही गेलं. काही कमी नव्हतं. ज्याच्या बोलण्याला भ्यालो तो माझ्यासारखाच भ्यालेला माणूस होता. मग मथुरा कशापायी गेली, असं कुणी विचारलं तर सांगायला काय उरलं?

विचारणारा एकच आहे. उत्तरेश्वरला मला डॉक्टरांचं बोलणं सांगायचं आहे. ते तेल फेक, वरून बघू नको, ढगळ पँट घालू नको, तुझ्या बायकोशी नीट वाग, तोंड फिरवून झोपू नको. एवढंच सांगायला दहा मिनिटं लागतील. रोज सकाळी तो डबा घेऊन निघतो तेव्हा मी ठरवतो आणि तो सायकलवर टांग टाकतो, त्याचा पाय पायडलवर पडतो आणि माझं तोंड बंद होतं. तो विचारणार, तुम्हांला हे कसं माहीत? कधीपासून? आणि तो फिटर आहे, एक नट सैल झाला की पुढचं सगळं यंत्र त्याला समजतं. त्या वेळी तो तेरा वर्षांचा होता, गुमान जेवला. आता जेवणार नाही. लेक केव्हाच सासरी गेली, हाही उठून निघून गेला तर घरात मी एकटा राहीन. पण सांगितलं नाही तर तोही माझ्यासारखाच पुढची वर्षं मान खाली घालून काढणार, आणि त्याच्या घरात येणारी पोरगी, जिनं अजून काही केलं नाही, ती एक दिवस सुईत दोरा ओवता ओवता त्याला विचारणार, माझ्याकडनं काही चुकलंय का.

काल तो बाटली शोधत होता. पँटचे खिसे उलटे करून बघितले, माझ्याकडं बघितलं आणि कामावर गेला. मी कोटाची काजं करत राहिलो. बाटली माझ्या मशीनच्या खणात आहे, बटणांच्या डबीमागं. लग्न नऊ दिवसांवर आलं आहे. कोट झाला आहे, काजंही झाली. पँटचं कापड घडी करून ठेवलं आहे. त्याच्या आईची गोष्ट त्याला सांगितलेली नाही, त्याचं माप घेतलेलं नाही, आणि पँट कापायची राहिली आहे.